न्हाणीघराच्या दारावर रोखलेला कॅमेरा

प्रश्न : माझी मुलगी नाशिकला गंगापूर रोड परिसरात कॉट बेसिसवर राहते. चोरीचे कारण सांगून घरमालकांनी पॅसेजमध्ये कॅमेरा बसवला असून त्याचा रोख थेट न्हाणीघराच्या दारावर आहे. आतही छुपा कॅमेरा असेल या भीतीने ती दिवा मालवून आंघोळ करते. काय करावे?
– एक आई, निफाड

उत्तर : अंधाराने संरक्षण मिळत नाही, हे मुलीला आधी सांगा, डोळ्यांना न दिसणाऱ्या अवरक्त प्रकाशात अनेक कॅमेरे अंधारातही चित्रण करतात. अंधाराचा उपयोग शोधण्यासाठी होतो. दिवा मालवून, बॅटरी डोळ्यांजवळ धरून तिचा झोत गिझर, एक्झॉस्ट फॅन, खुंट्या आणि स्विचबोर्ड यांवरून सावकाश फिरवल्यास टाचणीच्या टोकाएवढे भिंगही चमकू शकते. मग बॅटरी बंद करून मोबाइलच्या पुढच्या कॅमेऱ्यातून पाहावे. अवरक्त दिवे सुरू असल्यास पडद्यावर बहुधा जांभळट ठिपके दिसतात. वायफायवरील उपकरणे शोधणाऱ्या ॲपवर मात्र विसंबू नये, कारण केवळ मेमरी कार्डावर चित्रण साठवणारा कॅमेरा त्यात दिसतच नाही.

काही सापडलेच, तर ते उपटून मालकांपुढे नेऊ नये. तसे केल्यास पुरावाच त्यांच्या हाती जातो. वस्तू जागेवर ठेवून तिचे फोटो काढावेत, बाहेर येऊन ११२ क्रमांकावर पोलिसांना बोलवावे. स्त्रीचे अशा खासगी क्षणी चित्रण करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ नुसार गुन्हा असून, पहिल्या वेळी दोष सिद्ध झाल्यास १ ते ३ वर्षे कैद आणि दंड होतो.

पॅसेजमधला कॅमेरा उघड असल्याने तो या कलमात सहज बसणार नाही, पण म्हणून तो निमूटपणे सोसावा असे मला मुळीच वाटत नाही. मुलगी किती वाजता, कोणत्या कपड्यांत न्हाणीघरातून बाहेर पडते, याची रोज नोंद होणे हाही तिच्या खासगीपणावरचा घालाच आहे. चोर न्हाणीघरातून येत नाही. तेव्हा कॅमेरा मुख्य दाराकडे वळवावा, असे मालकांना लेखी कळवा आणि चित्रण कोणाच्या मोबाइलवर दिसते, किती दिवस साठवले जाते, हेही त्याच पत्रात विचारा. त्या पॅसेजमधून इतर मुलीही जातात, त्यांच्याही सह्या घ्या. मालकांनी नकार दिल्यास अनामत परत मागून खोली बदलणेच योग्य. तोवर मुलीला मैत्रिणीकडे किंवा नातेवाइकांकडे राहू द्या.