सिनेमावरून संवाद उतरवू नका, आधी मूळ नाटक मिळवा

तुमची पोस्ट वाचून पोटात गोळा आला. ‘इरोनिया सुद्बी’ (नियतीची थट्टा) या सोव्हिएत टीव्हीपटाचं मराठी नाटक करताय आणि संवाद पडद्यावरून उतरवताय. तिथेच थांबा. मी नेमकं हेच करून आठ महिने घालवले.

टीव्हीवर तो लागला १ जानेवारी १९७६ ला, पण लेखक एमिल ब्रागिन्स्की आणि पुढे सिनेमाचं दिग्दर्शन करणारे एल्दार रियाझानोव्ह यांनी १९६९ मध्येच ते नाटक म्हणून लिहिलं होतं. मला पत्ताच नव्हता! हमामखाना आणि विमानतळ रंगमंचावर कसा आणायचा, यावर आम्ही रात्री जागवल्या. ब्रागिन्स्कींची कारकीर्द आधी नीट पाहिली असती तर हे टळलं असतं. ‘बेरेगीस अवतोमोबिल्या’ (मोटारीपासून सावध) या सिनेमाची पटकथा अडली तेव्हा या जोडीनं तीच गोष्ट कादंबरिका करून छापली, सिनेमा १९६६ ला आला. १९७७ चा ‘स्लुझेब्नी रोमान’ (ऑफिसमधलं प्रेम) हा सिनेमासुद्धा आधी नाटकच होता.

खरा फटका मात्र परवानगीत बसला. एका कार्यालयानं छातीठोकपणे सांगितलं, “दिग्दर्शकाकडची सही पुरे.” त्यावर विसंबून तालमी सुरू केल्या. अहो, पण लेखक दोन आहेत! ब्रागिन्स्की १९९८ ला गेले, रियाझानोव्ह २०१५ ला. दोघांच्याही वारसांचा हक्क येतो, हे सांगायला त्याच कार्यालयाला चौदा महिने लागले. तोवर नाट्यगृहाच्या तारखा गेल्या, नायिका दुसऱ्या नाटकात गेली. आजही आठवलं की संताप होतो. मी वकील नाही, तुम्ही जरूर विचारून घ्या. पण आपल्याकडे संयुक्त कृतीची साठ वर्षं शेवटच्या लेखकाच्या मृत्यूनंतर मोजतात. ‘जुनं सोव्हिएत म्हणजे फुकट’ असं कुणी म्हणालं तर ऐकू नका.

आणखी एक, न विचारता सांगतो. न्हाऊन आलेल्याला रशियन माणूस ‘स ल्योग्किम पारम’ म्हणतो आणि तेच शब्द सिनेमाच्या पूर्ण नावातही आहेत, म्हणून काहीजण गोष्ट दिवाळीच्या अभ्यंगस्नानावर आणायला सुचवतील. माझ्या मते मुळीच आणू नका. नायक, मॉस्कोचा ल्युकाशिन, हमामखान्यात पिऊन चुकून लेनिनग्राडच्या विमानात चढवला जातो, आपलंच घर समजून तिथल्या दाराला आपली किल्ली लावतो आणि कुलूप उघडतं. तोच बांधकाम मजुरांचा तिसरा रस्ता, तीच २५ नंबरची इमारत, तोच १२ नंबरचा फ्लॅट. सगळीकडे एकाच साच्यातल्या इमारती उभ्या राहत होत्या म्हणून ती किल्ली फिरते. पुण्यातल्या सोसायटीत ती फिरणार नाही.