वाचकांचे प्रश्न : खटला आणि कादंबरी

प्रश्न : मी रखमाबाईंच्या खटल्यावर ऐतिहासिक कादंबरी लिहीत आहे. निकालपत्रे वाचली, परंतु त्यांत नाट्य सापडले नाही. म्हणून भर न्यायालयात रखमाबाईंची उलटतपासणी होते आणि त्या वकिलाला सडेतोड उत्तरे देतात, असे एक मोठे प्रकरण कल्पनेने रचले. आमच्या वाचक-मंडळातील काहींना हा इतिहासाचा अपलाप वाटतो. कादंबरीकाराला एवढेही स्वातंत्र्य नसावे का? शेवट राणी व्हिक्टोरियाने विवाह रद्द केल्याच्या प्रसंगाने करण्याचा विचार आहे. (एक वाचक, नौपाडा, ठाणे)

उत्तर : स्वातंत्र्य जरूर आहे, मात्र आपण ते नको त्या ठिकाणी घेतले आहे, असे मला वाटते. पत्नी रखमाबाई यांनी नांदायला यावे म्हणून दादाजी भिकाजी यांनी १८८४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला आणि २१ सप्टेंबर १८८५ रोजी न्यायमूर्ती पिन्ही यांनी तो फेटाळला, तोही प्रतिवादीची बाजू पूर्ण मांडली जाण्याची वाट न पाहता. अकराव्या वर्षी लग्न लागलेली ही मुलगी सासरी कधी नांदलीच नव्हती. जो संसार मुळात सुरूच झाला नाही तो पुन्हा सुरू करून देण्याचा हुकूम न्यायालयाने कसा द्यायचा, हा त्यांचा मुद्दा होता, आणि तरुण स्त्रीला तिच्या मनाविरुद्ध अशा घरी धाडणे हे रानटी व क्रूर ठरेल, असे त्यांनी उघड म्हटले. जिच्या आयुष्याचा निवाडा व्हायचा होता तिची बाजू पुरती ऐकून घेण्याआधीच तिच्या बाजूने निकाल लागला, ही या खटल्यातली सर्वांत विलक्षण गोष्ट आहे. आपली उलटतपासणी नेमकी तीच पुसून टाकते.

रखमाबाई बोलल्या त्या न्यायालयाबाहेर. १८८५ च्याच जून आणि सप्टेंबर महिन्यांत ‘टाइम्स ऑफ इंडिया’त ‘अ हिंदू लेडी’ या सहीने त्यांची दोन पत्रे प्रसिद्ध झाली. पहिले बालविवाहावर, दुसरे वैधव्यावर. आता त्या वर्षी त्यांच्या घरात काय घडले होते ते पाहा. ज्यांच्या आधाराने त्या माहेरी राहून शिकत होत्या, ते सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन त्याच वर्षी एप्रिलमध्ये वारले होते. आई जयंतीबाईंनी पहिल्या वैधव्यानंतर पुनर्विवाह केला होता. त्यांच्या वाट्याला वैधव्य दुसऱ्यांदा आले. त्या घरात बसून, दावा चालू असताना, विशीतली मुलगी नाव लपवून वैधव्यावर लिहिते. ते पत्र आईला ठाऊक होते का? मसुदा कोणी वाचून पाहिला? निकालपत्र यावर एक अक्षर बोलत नाही, आणि म्हणूनच ही जागा सर्वस्वी आपली आहे. येथे आपण हवे तेवढे रचा. न्यायालयातील तारखा, न्यायाधीश आणि हुकूम यांना मात्र हात लावू नये. दोन तारखांच्या मधले दिवस कादंबरीचे, असे मी मानतो.

पुढचा क्रमही मुळातच चढता आहे. १८८६ मध्ये अपिलात पिन्ही यांचा निकाल फिरवला गेला आणि दावा फेरसुनावणीसाठी परत आला. ४ मार्च १८८७ रोजी न्यायमूर्ती फॅरन यांनी निर्णय दिला : रखमाबाईंनी महिन्याच्या आत नवऱ्याकडे जावे, नाहीतर सहा महिन्यांचा तुरुंगवास भोगावा लागेल. आपण तुरुंगात जाऊ, हे रखमाबाईंचे उत्तर ठाऊक असूनही वाचक त्या प्रकरणात श्वास रोखून वाचेल. त्याला वेगळ्या फोडणीची गरज नाही.

एक विनंती दादाजींबद्दल. मामाच्या आश्रयाला राहणारा, प्रकृतीने अशक्त असा हा माणूस नुसता खलपुरुष म्हणून उभा केला, तर कादंबरी उथळ होईल. त्यानेही १८८७ मध्ये आपली कैफियत छापून प्रसिद्ध केली होती. ती मन लावून वाचावी. टिळकांनी रखमाबाईंच्या पक्षाला केलेला विरोधही त्याच्या पूर्ण जोरानिशी मांडावा. आमच्या घरातल्या गोष्टींत परक्या सरकारच्या न्यायालयाने ढवळाढवळ का करावी, ही भावना तेव्हा अनेक सुशिक्षितांची होती. मला स्वतःला रखमाबाईंचा पक्ष निःसंशय न्याय्य वाटतो, पण समोरचा पक्ष दुबळा करून दाखवला तर त्यांच्या धैर्याचीच किंमत कमी होते.

राणीचा प्रसंग कृपया वगळा. ती कथा फार पसरली आहे, परंतु प्रकरण मिटले ते जुलै १८८८ मधल्या तडजोडीने : दादाजींनी दोन हजार रुपये घेतले आणि हुकमाची अंमलबजावणी सोडून दिली. विवाह मोडला नाहीच. रखमाबाई १८८९ मध्ये वैद्यकीय शिक्षणासाठी लंडनला गेल्या, डॉक्टर होऊन परतल्या, सुरतेत रुग्णसेवा करू लागल्या, आणि १९०४ मध्ये दादाजी वारले तेव्हा त्यांनी विधवेचे पांढरे लुगडे नेसले, असे सांगतात. ज्या लग्नाला त्यांनी कधी मान्यता दिली नाही, त्या लग्नाचे वैधव्य त्यांनी का पत्करले असेल? राणीच्या हुकमाने शेवट केला, तर हा प्रश्न वाचकापर्यंत पोहोचणारच नाही.

प्रश्न : अनंत कान्हेरे यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली. त्या खटल्यावरची कादंबरी संपूर्णपणे ठाण्यात घडवता येईल का? (एक वाचक, ऐरोली, नवी मुंबई)

उत्तर : खटला म्हणून नाही. कान्हेरे यांच्या हातून कलेक्टर जॅक्सन यांचा वध २१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात, ‘शारदा’ नाटकाच्या प्रयोगाच्या वेळी झाला. खटला मुंबई उच्च न्यायालयात चालला. ठाण्याच्या वाट्याला आला तो अखेरचा भाग : १९ एप्रिल १९१० रोजी कान्हेरे आणि त्यांचे साथीदार कृष्णाजी कर्वे व विनायक देशपांडे यांना येथे फाशी देण्यात आली. वधापासून फाशीपर्यंत चार महिनेही गेले नाहीत. आपल्याला ठाणे सोडायचे नसेल, तर निकालानंतरचे दिवस एवढाच कादंबरीचा काळ ठेवा आणि नाशिक व मुंबई येथील हकीकत वर्तमानपत्रांतून आत येऊ द्या. मराठी ग्रंथसंग्रहालय येथे १८९३ पासून आहे. तेथे रोज वृत्तपत्र वाचायला येणारा आणि पुढे तुरुंगाच्या तटाजवळून घरी जाणारा एखादा कारकून आपण निःशंकपणे कल्पावा. त्याच्या तोंडी आरोपींची न झालेली भाषणे मात्र घालू नयेत.