मागे बसलेल्या गाडीला पाटा वाढवावा काय?

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे : गाडी सात आसनी, मागे पाट्यांची (म्हणजे एकावर एक रचलेल्या पोलादी पट्ट्यांच्या स्प्रिंगची) आणि दहा वर्षे जुनी, तिची डावी बाजू बसल्यासारखी दिसते, खड्ड्यात मागून खटखट आवाज येतो, आणि गॅरेजवाला दोन्ही शॉकअप बदलून दोन्हीकडे एकेक पाटा वाढवून देतो म्हणतो. ते करावे काय, खर्च किती येईल आणि दिवाळीला पुण्याला जाऊन येईपर्यंत गाडी अशीच चालवता येईल काय, हे आपण विचारले आहे.

पाटा वाढवू नका. खरे तर एवढ्यावर थांबायला हवे, परंतु याच एका पाट्यावरून माझे आणि माझ्या दाजींचे कित्येक वर्षे वाजलेले आहे, त्यामुळे आपला प्रश्न वाचल्यावर लिहिल्याशिवाय राहवले नाही. मी मेकॅनिक नाही. अमळनेर तालुक्यातील एका माध्यमिक शाळेत पंचवीस वर्षे विज्ञान शिकवले, सोबत गावाकडची शेती सांभाळली, आणि काळ्या मातीच्या रस्त्यांवर पाट्यांची गाडी चालवली. दाजींचा मात्र मालवाहू गाड्यांचा धंदा आहे, त्यामुळे गाडीच्या बाबतीत आमच्या सासरमाहेरात त्यांचा शब्द शेवटचा मानला जातो.

माझी गाडी 2016 च्या उन्हाळ्यात मागून बसू लागली. तेव्हा मी कापसाच्या बियाण्याच्या आणि खताच्या गोण्या तिच्यातूनच नेत असे, हा माझा दोष आधीच कबूल करतो. दाजी अक्षय्य तृतीयेला, म्हणजे आमच्या आखाजीला, घरी आले होते. त्यांनी अंगणात उभ्या गाडीला एक फेरी मारली, मागचा बंपर पायाने दाबला आणि निकाल दिला : "मास्तर, तुमनं पुस्तक बाजूले ऱ्हाऊ द्या. एक पाटा टाका, गाडी कशी उभी ऱ्हास ते देखा." बहिणीसमोर जावयाचा शब्द खाली पडू द्यायचा नाही म्हणून मी त्यांच्याच ओळखीच्या गॅरेजमध्ये गेलो. संध्याकाळपर्यंत दोन्हीकडे एकेक पाटा वाढला, नवे शॉकअपही लागले आणि गाडी खरोखरच दिमाखात उभी राहिली. दाजी आठवडाभर सगळ्यांना ती दाखवत होते.

पहिली तक्रार आईची आली. मागच्या आसनावर बसून ती तालुक्याला गेली की परत आल्यावर पाठीला शेक घ्यायची. यात आश्चर्य काही नव्हते, कारण पाटा वाढला की स्प्रिंग कडक होते आणि रिकामी गाडी प्रत्येक खड्डा जसाच्या तसा माणसाच्या मणक्यापर्यंत पोहोचवते. आपल्याकडे काळी माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आक्रसते, त्यामुळे डांबरी रस्तासुद्धा दोनचार वर्षांत लाटांसारखा होतो. अशा रस्त्यावर कडक पाट्यांची रिकामी गाडी चालत नाही, उडते.

दुसरी गोष्ट कळायला सात महिने लागले. आईला वेरूळला घृष्णेश्वराच्या दर्शनाला न्यायचे होते. पारोळा, भडगाव करत आम्ही चाळीसगावच्या पुढे आलो, कन्नडचा घाट समोर दिसत होता, आणि माझ्या लक्षात आले की गाडी सरळ ठेवायला स्टेअरिंग थोडे डावीकडे धरून ठेवावे लागते आहे. आधी वाटले की हवा कमी असेल. चहासाठी थांबलो, तेव्हा मागून आलेल्या एका ट्रॅक्टरवाल्याने सांगितले की तुमची गाडी कुत्रे चालते तशी तिरपी चालते आहे. मी खाली वाकून पाहिले. डाव्या बाजूला पाट्यांच्या थप्पीच्या कडेने विटेच्या भुकटीसारखी लालसर धूळ बसली होती, आणि एक्सल, म्हणजे दोन्ही चाकांना जोडणारा आडवा दांडा, ज्या बैठकीवर टेकतो तिथला काळा रंग दोन बोटे रुंद घासला जाऊन खालचे लोखंड चांदीसारखे चकाकत होते. उजव्या बाजूला तसे काहीच नव्हते. डावे चाक मागच्या बाजूला सरकले होते.

तिथल्या एका म्हाताऱ्या मिस्त्रीने यू-बोल्ट सोडले आणि सेंटर बोल्टचे दोन तुकडे माझ्या तळहातावर ठेवले. नंतर त्याने यू-बोल्ट दाखवले. ते जुनेच होते. पाट्यांची थप्पी एका पाट्याने जाड झाली होती, बोल्टची लांबी मात्र पूर्वीचीच होती, त्यामुळे नटाबाहेर एकही आटा शिल्लक राहिला नव्हता आणि नट पूर्ण पकड घेऊच शकले नव्हते. इथे एक गोष्ट नीट समजून घ्यावी. एक्सलला पाट्यांशी घट्ट धरून ठेवण्याचे काम यू-बोल्टचे असते. सेंटर बोल्ट फक्त पाटे एकत्र ठेवतो आणि एक्सलची जागा दाखवतो. यू-बोल्ट सैल झाले की गाडी ओढण्याचा आणि ब्रेकचा सगळा धक्का त्या बारीक बोल्टवर येतो आणि तो कधी ना कधी कापला जातोच. हे घाटातल्या वळणावर झाले असते तर काय झाले असते, याचा विचार मी आजही पुढे नेत नाही. मिस्त्रीने टोमीने एक्सल जागेवर आणला, नवा बोल्ट टाकला आणि "घाट चढू नका, हळूहळू घरी जा" असे सांगितले. आईचे दर्शन राहिले. ती काही बोलली नाही, पण परतीच्या वाटेवर भडगावपर्यंत गाडीत कोणीच बोलले नाही.

दाजींचे म्हणणे असे की दोष पाट्याचा नव्हता, यू-बोल्टचा होता. हे अर्धे खरे आहे. ज्याने काम केले त्याने लांब यू-बोल्ट आणि लांब सेंटर बोल्ट टाकायलाच हवा होता, आणि एकदा ताणून बसलेला यू-बोल्ट तर पुन्हा वापरूच नये. परंतु मुळात गाडी बसली होती ती कशामुळे, हे त्या दिवशी कोणीही पाहिले नव्हते, आणि माझा राग त्याच गोष्टीवर आहे. घरी आल्यावर थप्पी पूर्ण उघडली, तेव्हा डावीकडचा दुसरा पाटा सेंटर बोल्टच्या भोकाजवळ तडकलेला निघाला. तड केसाएवढी होती आणि तिच्यात गंज भरलेला होता, म्हणजे ती जुनी होती. तुटलेल्या पाट्यावर नवा पाटा चढवून आम्ही सात महिने समाधानात फिरत होतो.

त्याच रजेत दाजी पुन्हा आले, आणि नवे शॉकअप टाकल्यानेच गाडी उचलली गेली होती, असे त्यांनी नवेच काढले. तेव्हा मी अंगणात सपाट फरशीवर गाडी उभी केली, शाळेची लाकडी मोजपट्टी आणली आणि चाकाच्या मध्यापासून वरच्या कमानीच्या कडेपर्यंतचे अंतर मोजले. मग शॉकअपचा खालचा बोल्ट काढून तो मोकळा केला, गाडी दोनचार वेळा दाबून सोडली आणि पुन्हा मोजले. सुताचाही फरक नव्हता. गाडीचे वजन पाटा पेलतो; शॉकअप फक्त पाट्याची उसळी आटोक्यात ठेवतो. त्यामुळे बसलेली गाडी शॉकअप बदलून उठत नाही. गॅस भरलेल्या शॉकअपने किंचित फरक पडू शकतो, पण तो दोन बोटांचा नसतो. दाजींनी मोजपट्टी स्वतः हातात घेऊन पाहिली, फरशी सपाट आहे का ते विचारले आणि चहा मागवला.

आता आपल्या गाडीकडे वळतो. दोन्ही चाकांत सारखी हवा भरून, गाडी रिकामी करून, सपाट जागी वरीलप्रमाणे दोन्हीकडचे अंतर मोजा. डावी बाजू खरोखर खाली असेल तर दोष बहुधा पाट्यात किंवा शॅकलमध्ये, म्हणजे पाट्याचे टोक गाडीच्या सांगाड्याला जोडणाऱ्या झुलत्या दुव्यात आहे. पाटा दाबला गेला की सपाट होतो आणि लांबतो. ती लांबी सामावून घ्यायला त्याचे एक टोक शॅकलवर झुलते ठेवलेले असते. आपल्याकडे चिखल वाळून शॅकलमध्ये बसतो, पिन गंजून जाम होते, आणि मग पाटा मोकळा होऊ शकत नाही. थप्पी घासून साफ केल्याशिवाय तड दिसत नाही, म्हणून खालून टॉर्च मारून "सगळे ठीक आहे" म्हणणाऱ्यावर विश्वास ठेवू नका.

खटखटीचे कारण बहुतेक वेळा बुश, म्हणजे जोडांत बसवलेली रबरी किंवा धातूची नळी असते. एकाला गाडी आडवी हलवायला सांगून दुसऱ्याने शॅकलवर आणि शॉकअपच्या दोन्ही टोकांवर हात ठेवला, की झीज बोटांना कळते. भुसावळ-जळगावकडच्या उन्हात, जिथे पारा पंचेचाळिसाच्या आसपास जातो, रबर लवकर कडक होऊन तडकते. रबरी बुशवर जुने इंजिन ऑइल सोडण्याची जी पद्धत आपल्याकडे सर्रास आहे ती मूर्खपणाची आहे. चार दिवस आवाज थांबतो आणि नंतर रबर फुगून कुजते. ग्रीस धातूच्या बुशला, जिथे निप्पल, म्हणजे ग्रीस भरायचे तोंड, दिलेले असते तिथेच द्यावे.

नवे बुश टाकताना एक चूक जवळजवळ प्रत्येक जण करतो. गाडी घोडीवर उचललेली असतानाच बोल्ट पूर्ण आवळले जातात. त्या वेळी पाटा लोंबकळत असतो. गाडी खाली उतरवली की बुशमधले रबर पीळ बसलेल्या अवस्थेतच अडकते आणि काही महिन्यांत फाटते. बोल्ट आधी हाताने बसवावेत, गाडी चाकांवर उतरवावी, दोनदा दाबावी आणि मगच आवळावेत. नवे यू-बोल्ट फुलीच्या क्रमाने, टॉर्क पान्याने (म्हणजे नट ठरावीक जोरानेच आवळता येणाऱ्या पान्याने) आवळावेत आणि 500 ते 1,000 किलोमीटरनंतर पुन्हा तपासावेत. ज्या गॅरेजमध्ये टॉर्क पाना नाही, तिथे हे काम देऊ नका, मग मालक कोणाच्याही दाजींच्या ओळखीचा असो.

शॉकअपवरून तेलाचा ओघळ आलेला असेल, किंवा कोपरा दाबून सोडल्यावर गाडी एकदीड उसळीत न थांबता हेलकावत राहत असेल, तर तो बदला, आणि बदलायचा तर दोन्ही बाजूंचा एकदम बदला. पाट्यांचेही तसेच, एकीकडे नवा आणि एकीकडे जुना ठेवला की गाडी कायमची वाकडी राहते. जुने पाटे ठोकून पुन्हा कमान देणारे कारागीर आपल्याकडे आहेत, त्यांचा हात चांगला असतो, पण थकलेले पोलाद पुन्हा बसते असा माझा अनुभव आहे. मी शेवटी दोन्हीकडची थप्पी मूळ संख्येइतक्याच पाट्यांची नवी घेतली आणि गोण्या नेण्यासाठी भाड्याची गाडी लावू लागलो. खर्चाचा आकडा मी देत नाही, कारण गाव आणि गाडी बदलली की तो बदलतो. पाटे, बुश, यू-बोल्ट आणि मजुरी वेगवेगळी लिहून मागा, म्हणजे कशाचे पैसे घेतले ते कळेल.

हे सगळे पाट्यांच्या गाडीपुरते आहे, हे आधी सांगायला हवे होते. स्विफ्टसारख्या गाड्यांना मागे टॉर्शन बीम आणि गोल स्प्रिंग असतात, तिथे पाटा, शॅकल, यू-बोल्ट यांचा प्रश्नच येत नाही. मालवाहू गाड्यांना कंपनीच जास्त पाटे देते, तेही चुकीचे नाही, कारण तिथे एक्सल, ब्रेक आणि टायर त्याच हिशोबाने असतात. दाजींचा सगळा अनुभव त्या गाड्यांचा आहे आणि तिथे ते बरोबर आहेत, हे मी त्यांच्या तोंडावर कधी म्हटले नाही, इथे लिहितो. आपल्या गाडीत मागच्या ब्रेकचा दाब भारानुसार कमीजास्त करणारा, एक्सलला दांडीने जोडलेला व्हॉल्व्ह असेल, तर पाटा वाढवणे अधिकच वाईट, कारण भरलेली गाडीसुद्धा खाली बसत नाही, व्हॉल्व्हला ती रिकामी वाटते आणि मागच्या चाकांना ब्रेक कमी मिळतो.

दिवाळीचे विचाराल तर नुसता बुश वाजत असेल आणि पाटे शाबूत असतील, तर कमी वजनात, सावकाश पुण्याला जाऊन येता येईल. पण थप्पीच्या कडेला लाल भुकटी दिसली, किंवा सरळ रस्त्यावर स्टेअरिंग एका बाजूला धरावे लागले, तर शेजारच्या गावालाही जाऊ नका. मिस्त्रीला घरी बोलवा.