कल्पित जगात किमयेची एखादी शाखा निषिद्ध का ठरावी?

तुमच्या कादंबरीतल्या निषिद्ध किमयेला पटेल असं कारण तुम्ही विचारलंय. ‘ती दुष्ट विद्या आहे’ एवढ्यावर कृपया थांबू नका. बंदी कुणाच्या सोयीची, ते आधी ठरवा. इंग्लंडमध्ये १४०४ साली सोनं-चांदी किमयेने वाढवणं हा गुन्हा ठरला, आणि तो कायदा १६८९पर्यंत टिकला. कुणालाही सोनं करता आलं, तर राजाच्या नाण्याला काय किंमत उरणार?

धोका मात्र खरा हवा, आणि त्यासाठी पाऱ्याकडे बघा. हिंगूळ, म्हणजे पाऱ्याचं लाल खनिज, तापवला की पारा सुटतो. त्याची वाफ दिसत नाही, तिला वासही नसतो. ती वर्षानुवर्षं श्वासात गेली की हात थरथरतात, स्वभाव चिडका होतो, आठवणी निसटतात. चीनमध्ये थांग घराण्याचे काही सम्राट अमर होण्याची रसायनं घेऊनच दगावले, असं इतिहासकार मानतात.

मी लिहीत असतो तर हेच उचललं असतं: प्रत्येक सिद्धीमागे साधकाची एक आठवण भट्टीत जाते. गुरूला शिष्याचं नाव आठवत नाही, पण पुढची कृती मुखोद्गत असते. अशा शाखेला राजा घाबरतो, आणि तिथल्या शिष्यांच्या आयाही.