थोरली पाती कोणती, हे टाइप केलेल्या नकलेवरून ठरवू नका

तुम्ही लिहिलंय की मावळात तुमची देशमुखी होती, घराण्याला जुना किताबही आहे. वडील गेल्यापासून चुलतभाऊ वंशावळीची शिक्क्याची नक्कल पुढे करून 'थोरली पाती (म्हणजे थोरल्या भावाची शाखा) आमची, किताब आमचा, यात्रेत पालखीचा पहिला मान आमचा' म्हणताहेत. माझ्या माहेरी हेच झालं, अगदी नकलेसकट. म्हणून सविस्तर लिहिते.

आधी वतन आणि किताब वेगळे करा. वतन, म्हणजे देशमुखीचा हक्क, वंशपरंपरेचं, भावाभावांत त्याच्या तक्षिमा, म्हणजे हिस्से, पडायच्या. किताब आणि हुद्दा मात्र छत्रपतींकडचा. माणूस गेला की पुढच्याला पदाची वस्त्रं नव्याने मिळावी लागत. तळेगावचे दाभाडे बघा. 1717 मध्ये खंडेरावांना सेनापतिपद मिळालं, मग त्रिंबकरावांना, आणि ते 1731 मध्ये डभईच्या लढाईत पडल्यावर यशवंतरावांना. पद घरातच राहिलं, पण दर वेळी शाहू महाराजांनी दिलं म्हणून. पेशवाईचंही तेच. त्यामुळे 'थोरला म्हणून किताब आपोआप आमचा' हा दावा मला मुळातच कच्चा वाटतो. किताब ज्याला पहिल्यांदा मिळाला त्याच्या पुढच्या पिढीच्या नावाने एक तरी पत्र आहे का, हे भावांना विचारा.

आता त्या नकलेबद्दल. आमच्याकडे आजा आणि नातू एकाच नावाचे, जसे पुष्कळ घराण्यांत असतात. समजा खंडोजी, त्याचा थोरला मुलगा माणकोजी, त्याचा पुन्हा खंडोजी. मूळ कागदावर आमच्या पूर्वजाच्या नावापुढे ओळ होती 'बिन खंडोजी बिन माणकोजी बिन खंडोजी' अशी ('बिन' म्हणजे 'चा मुलगा'). मोडीत आधी आडवी रेघ ओढून तिच्याखाली अक्षरं लिहीत जातात, दोन शब्दांत जागा सुटत नाही. नक्कल करणाऱ्याची नजर एका खंडोजीवरून थेट दुसऱ्यावर गेली आणि मधल्या दोन पिढ्या गळाल्या. आमचा पूर्वज, जो खरा थोरल्या शाखेतला, मूळ पुरुषाचा पणतू, तो कागदावर थेट मूळ पुरुषाचा मुलगा झाला, म्हणजे आपल्याच चुलत आजोबांचा भाऊ. वयाने लहान, म्हणून धाकटा भाऊ. थोरली पाती बसल्या जागी धाकटी झाली.

चूक कोणाच्याही हातून होते, त्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती नक्कल देणाऱ्या कचेरीच्या वागण्याची. नाव घेत नाही, आणि खाली ज्या दोन संस्था सांगते त्यांपैकी ती नव्हे. 'नक्कल मूळाबरहुकूम आहे, हरकत असेल तर कोर्टात जा' एवढंच उत्तर. मूळ कागद दाखवा म्हटलं तर 'जीर्ण आहे, हात लावता येणार नाही'. फोटो काढून द्या म्हटलं तर तशी तरतूद नाही. अर्ज एका टेबलावरून दुसऱ्यावर फिरत राहिला, साहेब बदलले की पुन्हा पहिल्यापासून. तेवढ्यात त्या शिक्क्यावर विसंबून घरात बोलाचाली झाल्या, आणि ज्या काकांच्या मांडीवर मी वाढले ते आमच्याशी बोलेनासे होऊन गेले. त्या कचेरीवरचा माझा राग अजून गेलेला नाही.

उत्तर मिळालं ते त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यांच्या वहीत. श्राद्धाला बाप, आजा, पणजा अशी तीन पिढ्यांची नावं लागतात, त्यामुळे आमच्या पूर्वजाच्या नोंदीत दोन्ही खंडोजी आणि मधला माणकोजी ओळीने होते, खाली भाऊ आणि चुलतेही. तुमचं मूळ गाव आणि आडनाव सांगितलं की तिथे कोणत्या उपाध्यांकडे जायचं ते कळतं. पंढरपूर, नाशिकलाही विचारा. माझं स्पष्ट मत, पटेल न पटेल: वंशावळीसाठी वतनाच्या कागदापेक्षा तीर्थाच्या वहीवर जास्त भरवसा ठेवावा. 1852 च्या कायद्यानंतर इनामांचे हक्क तपासणाऱ्या इनाम कमिशनपुढे ज्या कैफियती, म्हणजे लेखी हकिकती, गेल्या त्या वहिवाट ज्याच्या हाती होती त्याने लिहून दिलेल्या, आपल्या शाखेला सोयीच्या. तीर्थाला गेलेला माणूस तिथे हक्क मागत नसतो. मुली मात्र दोन्हीकडे बहुतेक गायबच. विधवेचं नाव सापडलं तर थांबून बघा, तिथे बहुधा दत्तक असतो आणि दत्तकावरूनच पाती बदलते.

पुण्यात पुराभिलेखागार, म्हणजे आपलं पेशवे दफ्तर, आणि सदाशिव पेठेतलं भारत इतिहास संशोधक मंडळ, दोन्ही ठिकाणी शोधा. मूळ मोडी पान मिळालं तर ते एकमेकांना न ओळखणाऱ्या दोन वाचकांकडून वाचून घ्या. सनही तपासा: 'इहिदे समानीन मया व अलफ' म्हणजे शुहूर (जुन्या कागदांतली अरबी शब्दांची कालगणना) 1181, इसवी 1780-81. तिथे 'इहिदे' सुटून 'समानीन'चं नुसतं 'समान' वाचलं गेलं की ऐंशीचे आठ होतात आणि कागद दोन पिढ्या मागे जातो.

कायद्याचं थोडक्यात, आणि मी वकील नाही. परगणा आणि कुलकर्णी वतनं 1950 च्या कायद्याने 1 मे 1951 पासून संपली, तेव्हा देशमुखीचा सरकारी वारस आज कोणीच नाही. वतनाची जमीन सरकारकडून पुन्हा नावावर मिळाली असेल तर तो निराळा विषय. सुप्रीम कोर्टाने 1982 मध्ये अशी जमीन एकत्र कुटुंबाची, वाटपास पात्र धरली आहे, थोरलेपणाने एकट्याची नाही. जुने फेरफार घेऊन दिवाणी वकिलाकडे जा, आणि जमिनीचं भांडण किताबाच्या भांडणात मिसळू देऊ नका.

पालखीचा मान गावाच्या रिवाजाचा. आमच्या गावी आता दोन्ही पात्यांची पाळी लावली आहे, एक वर्ष त्यांचं, एक आमचं. तुमच्या ग्रामस्थांपुढे वहीच्या नोंदीची प्रत ठेवून बोलून बघा. नकलेचा आणि मूळ पानाचा फोटो मिळाला तर इथे टाका, वाचायला मदत करीन. जमिनीचे गट नंबर तेवढे झाकून टाका.