तुझा पितळी पक्षी कुठेतरी पडू दे

सोलापूर

चि. पोरी,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या कादंबरीची वही दोनदा वाचली. पहिल्यांदा रात्री एका बैठकीत, दुसऱ्यांदा पेन्सिल हातात धरून. चावीवर चालणारं तुझं शहर मला मनापासून आवडलं. चौकाचौकात पितळेचे हत्ती, पहाटे त्यांना चावी देत हिंडणारी मुलं, आणि या सगळ्याचा कर्ता तो महायंत्रकार, ज्याचं नाव लोक देवासारखं घेतात. पण तोच मला पटला नाही. का, ते सविस्तर लिहितो, कारण हे पुस्तक तू पुरं करावंस अशी माझी फार इच्छा आहे.

बाराव्या वर्षी त्याने पक्षी केला, एकदा चावी दिली आणि तो पक्षी आजतागायत उडतोय. अगं, हत्तींना रोज पहाटे चावी लागते, मग पक्ष्याला का नाही? तू उत्तर दिलंस, ‘कारण तो महायंत्रकार होता.’ तिथेच तुझं शहर पोकळ झालं.

घड्याळाचं बघ. चावी दिली की आतली कमान, म्हणजे स्प्रिंग, आवळते. सुटताना आधी तिचा जोर भरपूर असतो, शेवटी ती मलूल होते, आणि घड्याळ आधी पुढे, मग मागे पडतं. यावर जुन्या कारागिरांनी काय केलं? शंकूसारखं खाचेदार चाक बसवलं आणि त्यावर बारीक साखळी गुंडाळली. कमान जोरात असते तेव्हा साखळी शंकूच्या निमुळत्या टोकाला ओढते, ढिली पडत जाते तशी रुंद बुडाकडे सरकते. चाकांना मिळणारी ओढ सारखी राहते. एका अडचणीतून किती देखणी वस्तू निघाली बघ! तुझ्या माणसाला तू अशी एकही अडचण दिलेली नाहीस.

तुला एका खऱ्या माणसाची गोष्ट सांगतो. फ्रान्समध्ये वोकान्सों नावाचा यंत्रकार होता. 1739 साली त्याने एक बदक लोकांपुढे ठेवलं. ते पंख फडफडवायचं, दाणे टिपायचं आणि थोड्या वेळाने चक्क विष्ठा टाकायचं. बदक दाणे पचवतं, असं लोक सांगत सुटले. पुढे उघड झालं की दाणे आतच अडकून राहायचे आणि विष्ठा आधीच भरून ठेवलेली असायची. पण हाच माणूस नंतर रेशीम कारखान्यांचा निरीक्षक झाला आणि 1745 च्या सुमारास त्याने छिद्रांच्या इशाऱ्यावर नक्षी विणणारा माग केला. त्या मागात लबाडी नव्हती. दंतकथा मात्र बदकाचीच झाली.

हे मला फार जवळचं आहे, कारण त्याच्या मागाच्या आधारावर जॅकार्ड नावाच्या फ्रेंच विणकराने 1804 साली जे यंत्र उभं केलं, त्याच्याच जातीच्या यंत्राखाली मी सोलापूरच्या पूर्व भागातल्या कारखान्यांत जन्म काढला. सोलापुरी चादरीवरची नक्षी त्यातूनच येते. पुठ्ठ्याच्या कार्डात जिथे छिद्र आहे तिथे सुई आत शिरते, तिचा आकडा वर उचलला जातो आणि ताण्याचा, म्हणजे उभा, धागा उठतो. छिद्र नसेल तर सुई मागे ढकलली जाते, धागा खालीच राहतो. आडव्या धाग्याच्या एका फेरीला एक कार्ड.

एकदा चादरीतल्या प्रत्येक मोराच्या गळ्याशी एक पांढरा धागा उगाच वर यायला लागला. मी दोन दिवस सुताला दोष दिला, मालकाशी वाद घातला, चांगला ताणा वाया घालवला. शेवटी कार्डांची माळ उतरवून एकेक कार्ड उजेडापुढे धरलं. एकावर तेलाच्या डागाशी पुठ्ठा फाटला होता, छिद्र नको तिथे छिद्र झालं होतं. कागदाची पट्टी चिकटवली आणि मोर नीट झाले. त्या दिवशी मला जे कळलं तेच तुला सांगतोय: तुझ्या शहरातले लोक महायंत्रकाराबद्दल हवं तेवढं खोटं बोलू देत, त्याची यंत्रं मात्र खोटं बोलता कामा नयेत. त्याने केलेला पक्षी किती वेळ उडतो, ते ठरव. मग लोकांना म्हणू दे की तो अजून उडतोय. या दोन गोष्टींच्या मधल्या जागेत तुझी कादंबरी आहे.

आणि त्याला एकटा ठेवू नकोस. वोकान्सोंच्या आधी फ्रान्समधल्या ल्यों शहरात बुशों नावाच्या माणसाने 1725 साली छिद्रांचा कागद मागावर वापरला होता. तो ऑर्गन बनवणाऱ्याचा मुलगा. आपोआप वाजणाऱ्या वाद्यासाठी खुंट्यांचे रूळ कसे आखतात हे त्याने घरातच पाहिलं असणार, असं मला वाटतं. मग 1728 साली फाल्कोंने कागदाऐवजी एकमेकांना जोडलेली कार्डं आणली. पुढे वोकान्सों, मग जॅकार्ड. नाव उरलं शेवटच्याचं. तुझ्या महायंत्रकाराच्या मागे असे तिघं कोण, ते शोध. त्यातलं कुणी जिवंत असेल, त्याच शहरात हत्तीला चावी देत असेल, तर मला ते प्रकरण आधी वाचायला दे.

त्याने एका रात्रीत राजवाड्याचा दरवाजा केला तो भाग काढून टाक. तिथे मी वही मिटली होती.

चावी देणारी ती मुलगी, जिच्या तळहाताला घट्टे पडलेत, ती तू दोनच ओळींत आणलीस. तिला परत आण. तिच्याइतकं हत्तीच्या पोटातलं त्या शहरात कुणाला ठाऊक असणार आहे?

माझ्या पोटमाळ्यावर कार्डांची एक जुनी माळ आहे, त्या फाटक्या कार्डासकट. संध्याकाळी ये, काढून ठेवतो. तुझी काकू शेंगाचटणी करून ठेवणार आहे, ती घरी घेऊन जा. येताना पक्ष्याच्या उडण्याचा आकडा ठरवून आण. तो कुठल्या गच्चीवर पडतो, ते आपण बसून बघू.

तुझा,
काका