चेक इंजिनचा दिवा लागला की ऑक्सिजन सेन्सर बदलावाच लागतो का?

भाऊ, तुम्ही लिहिलंय की आर्णीजवळच्या खेड्यात राहता, पेट्रोल गाडी ९०,००० किलोमीटर चाललीये, चेक इंजिनचा दिवा लागलाय, ॲव्हरेज पडलंय आणि मिस्त्री ऑक्सिजन सेन्सर बदला म्हणतो. लगेच बदलू नका. माझं गॅरेज वर्धा जिल्ह्यात आहे. चांगले सेन्सर काढून फेकलेले दिसले की जीव हळहळतो, कापूस विकून आलेला पैसा असतो तो.

हा सेन्सर इंजिनजवळ, सायलेन्सरच्या पाइपात बसतो. त्याच्या टोकाला झिरकोनियाची (एक प्रकारच्या सिरॅमिकची) टोपी असते. तिच्या एका बाजूला धूर, दुसऱ्या बाजूला बाहेरची हवा. ३०० अंशांच्या वर तापली की दोन्हीकडच्या ऑक्सिजनच्या फरकातून ती वीज तयार करते. पेट्रोल जास्त पडलं तर ०.९ व्होल्टच्या आसपास, कमी पडलं तर ०.१. त्यावरून ईसीएम, म्हणजे इंजिनचा कॉम्प्युटर, १ किलो पेट्रोलला १४.७ किलो हवा हे प्रमाण सांभाळतो.

म्हणून मिस्त्रीला म्हणा, इंजिन गरम कर आणि स्कॅनरवर पुढच्या, म्हणजे कॅटॅलिटिक कन्व्हर्टरच्या (धूर साफ करणाऱ्या डब्याच्या) आधीच्या सेन्सरचा ग्राफ दाखव. चांगल्या सेन्सरचं रीडिंग या दोन आकड्यांमध्ये सारखं वर-खाली होत राहतं. ते एकाच जागी अडकलं किंवा फार हळू हललं, तर सेन्सरवर संशय घ्या. (वाइडबँड, म्हणजे हवा-पेट्रोलचं नेमकं प्रमाण मोजणारा सेन्सर असेल तर हा हिशेब लागू नाही.) कन्व्हर्टरच्या मागच्या सेन्सरचं रीडिंग मात्र बरंचसं स्थिर हवं. तेही पुढच्यासारखंच नाचत असेल, तर बहुतेक कॅटॅलिटिक कन्व्हर्टर गेलाय.

कोडही विचारा. पी०१३५ म्हणजे सेन्सरच्या हीटरचं सर्किट. आधी फ्यूज आणि वायर बघा. कापूस भरलेल्या खोलीशेजारी गाडी उभी राहिली की आपल्याकडे उंदीर वायर कुरतडतातच. पी०१७१ म्हणजे हवेच्या मानाने पेट्रोल कमी पडतंय. तो आला तर सेन्सरच्या आधी सायलेन्सरचा पाइप किंवा गॅस्केट लीक आहे का, इनटेकच्या (इंजिनात हवा नेणाऱ्या) होजमधून हवा ओढली जातेय का, ते तपासा.

हीटरवाला चार वायरचा सेन्सर साधारण १ ते दीड लाख किलोमीटर चालतो. काढल्यावर टोक काळं काजळलेलं असेल तर पेट्रोल जास्त जळतंय. पांढरट थर असेल तर कूलंट किंवा सिलिकॉन सीलंट आत गेलंय. ते कारण तसंच ठेवलं तर नवा सेन्सरही जाईल.

खरंच गेला असेल तर मात्र टाळू नका. जास्तीचं पेट्रोल धुरातून जाऊन कन्व्हर्टर तापवतं, आणि तो सेन्सरपेक्षा कितीतरी महाग पडतो. बसवताना ग्रीस फक्त आट्यांना लावा, टोकाला लागू देऊ नका.